रत्नाकर मतकरी यांचे दूरचित्रवाणी-लेखन : माध्यमांतर आणि संहितेचे वाङ्मयीन रूप

मराठी नाट्यवाङ्मयाच्या अभ्यासात आकाशवाणीच्या श्रुतिकेला उशिरा का होईना एक लहानसे प्रकरण मिळाले. दूरचित्रवाणीसाठी लिहिल्या गेलेल्या नाट्यात्म संहितेच्या वाट्याला मात्र अजून बहुधा परिशिष्टच येते. लेखकाच्या ग्रंथसूचीच्या शेवटी ‘याखेरीज दूरदर्शनसाठी विपुल लेखन’ एवढी नोंद केली की अभ्यासकाचे कर्तव्य संपले, असा समज दिसतो. रत्नाकर मतकरी (१९३८-२०२०) यांच्याबाबतीत ही उपेक्षा विशेष जाणवते. एकांकिका, बालनाट्य, समांतर आणि व्यावसायिक नाटक, गूढकथा, कादंबरी, चित्रपट आणि दूरचित्रवाणी या सर्व क्षेत्रांत त्यांनी जवळजवळ साडेसहा दशके लेखन केले. या विविधतेला ‘अष्टपैलुत्व’ म्हणून गौरवण्यात येते. पण अष्टपैलुत्व हा गौरवाचा शब्द आहे, विश्लेषणाचा नव्हे. या पैलूंना एकत्र धरणारे सूत्र कोणते आणि त्या सूत्रात दूरचित्रवाणी-लेखनाचे स्थान काय, या दोन प्रश्नांचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे.

१. लेखनप्रवासाचा क्रम

मतकरी यांचा जन्म १७ नोव्हेंबर १९३८ रोजी मुंबईत झाला. त्यांची ‘वेडी माणसं’ ही एकांकिका १९५५ मध्ये आकाशवाणीच्या मुंबई केंद्रावरून प्रसारित झाली, तेव्हा त्यांनी वयाची सतरा वर्षेही पूर्ण केलेली नव्हती. त्यांच्या नाट्यलेखनाच्या आरंभीच रंगमंच नसून ध्वनिक्षेपक होता, ही बाब लक्षात ठेवण्यासारखी आहे. ज्या माध्यमात पात्र दिसत नाही, पडदा उघडत नाही, तेथे केवळ शब्द, स्वर आणि विराम यांच्या बळावर प्रसंग उभा करावा लागतो. पुढे दृश्यमाध्यमांत गेल्यावरही मतकरींचा संवाद कानाला चोख वाटतो, याचे एक कारण या आरंभात असावे.

सुधा करमरकर यांच्या ‘लिटल थिएटर’ने १९५९ मध्ये त्यांचे ‘मधुमंजिरी’ हे बालनाट्य रंगभूमीवर आणले. १९६२ मध्ये मतकरींनी स्वतःची ‘बालनाट्य’ ही संस्था काढली. ‘निम्मा शिम्मा राक्षस’, ‘अलबत्या गलबत्या’, ‘अचाट गावची अफाट मावशी’ ही त्यांची बालनाट्ये पिढ्यान्‌पिढ्या पाहिली गेली. ‘अलबत्या गलबत्या’ २०१८ मध्ये नव्या संचात रंगभूमीवर आले आणि त्याला पुन्हा गर्दी लोटली. दरम्यान ‘आरण्यक’, ‘लोककथा ’७८’, ‘दुभंग’, ‘घर तिघांचं हवं’ यांसारखी परस्परांपासून अगदी भिन्न प्रकृतीची नाटके त्यांनी लिहिली, तर ‘खेकडा’, ‘कबंध’, ‘मृत्युंजयी’, ‘फाशी बखळ’, ‘रंगांधळा’ आदी संग्रहांमुळे गूढकथाकार म्हणून त्यांचा स्वतंत्र वाचकवर्ग तयार झाला. बँक ऑफ इंडियातील नोकरी त्यांनी १९७८ मध्ये सोडली. त्यानंतरचे त्यांचे आयुष्य हे पूर्णवेळ लेखकाचे, दिग्दर्शकाचे आणि रंगकर्मीचे आहे. २००३ साली त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला, आणि २०१८ साली एकूण योगदानासाठी साहित्य अकादमीचा बालसाहित्य पुरस्कार. १७ मे २०२० रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले.

या क्रमाकडे पाहिले असता एक गोष्ट ध्यानात येते. दूरचित्रवाणी महाराष्ट्रात अवतरण्यापूर्वीच मतकरी श्राव्य माध्यम, मुलांचे प्रेक्षागृह आणि कथेचे छापील पान या तीन शाळांतून तयार झालेले होते. या तिन्हींचा उपयोग पुढे त्यांना लहान पडद्यावर झाला.

२. माध्यमाची पार्श्वभूमी

दिल्लीत १५ सप्टेंबर १९५९ रोजी सुरू झालेली दूरचित्रवाणी मुंबईत २ ऑक्टोबर १९७२ रोजी आली. १ एप्रिल १९७६ रोजी दूरदर्शन आकाशवाणीपासून प्रशासकीय दृष्ट्या वेगळे झाले. १९८२ मध्ये रंगीत प्रक्षेपण आले आणि त्यानंतरच्या काही वर्षांत लघुशक्ती प्रक्षेपकांचे जाळे पसरले. या आरंभीच्या काळात मुंबई केंद्राला मराठी नाट्यव्यवहाराचाच आधार होता. लेखक, नट, निर्माते बहुतांशी रंगभूमीवरून आलेले होते. चि. वि. जोशी यांच्या लेखनावर आधारलेली ‘चिमणराव’ ही मालिका सत्तरच्या दशकाच्या उत्तरार्धात घरोघर पोचली. त्यातील चिमणराव साकारणारे दिलीप प्रभावळकर मतकरींच्या ‘अलबत्या गलबत्या’तील चेटकीण म्हणून आधीच बालप्रेक्षकांच्या ओळखीचे होते. नाट्यसंस्था आणि दूरदर्शन यांच्यातील ही ये-जा या कालखंडाचे वैशिष्ट्य होय.

चाळीसगाव-जळगाव-धुळे या पट्ट्यातील वाचकाच्या दृष्टीने या इतिहासाला आणखी एक बाजू आहे. खानदेशाला वहीगायनाची, तमाशाची, भारुड-कीर्तनाची स्वतःची प्रयोगपरंपरा होती व आहे. पण मुंबई-पुण्याचे आधुनिक मराठी नाटक येथे दौऱ्याच्या रूपाने वर्षातून काही वेळाच येई आणि तेही मोठ्या गावांपर्यंतच. प्रायोगिक नाटक तर छापील पुस्तकातूनच भेटे. मुंबईहून भुसावळकडे जाणाऱ्या लोहमार्गावर असूनही चाळीसगाव नाट्यदृष्ट्या मुंबईपासून दूरच होते. हे अंतर प्रथम भरून काढले ते दूरचित्रवाणीने. आपल्या भागातील एका संपूर्ण पिढीने समकालीन नागर मराठी नाट्यसंवाद पहिल्यांदा ऐकला तो नाट्यगृहात नव्हे, तर शेजाऱ्याच्या घरातील संचासमोर बसून. तेव्हा दूरचित्रवाणी-संहितेला वाङ्मयेतिहासातून वगळणे म्हणजे या प्रेक्षकांच्या नाट्यानुभवालाच वगळणे होय. प्रश्न केवळ एका लेखकाच्या सूचीचा नाही, तो कोणाचा रसास्वाद आपण ‘वाङ्मयीन’ मानतो याचा आहे.

३. सूत्र : समोरच्या श्रोत्याचे भान

मतकरींच्या सर्व लेखनप्रकारांतून जाणारे सूत्र शोधू गेल्यास ते आशयात सापडत नाही. राक्षस-चेटकिणींची बालनाट्ये, महाभारतोत्तर काळातील वृद्धांची शोकांतिका, ग्रामीण अत्याचाराचे नाटक आणि नागर घरातील गूढ यांत आशयाचे साम्य दाखवणे ओढाताणीचे ठरेल. सूत्र सापडते ते निवेदनाच्या स्थितीत. कोण, कोणाला, कोठे बसून सांगत आहे, याचे नेमके भान हे मतकरींच्या लेखनाचे मूलद्रव्य आहे.

बालनाट्यात हे भान उघड असते. मुलांचा प्रेक्षक गप्प बसत नाही; तो पात्राला सावध करतो, प्रश्नांना उत्तरे देतो. त्यामुळे बालनाट्याच्या लेखकाला प्रेक्षकाचा प्रतिसाद संहितेतच गृहीत धरावा लागतो. ‘लोककथा ’७८’ मध्ये हेच तंत्र संपूर्ण वेगळ्या, गंभीर हेतूसाठी वापरलेले आहे. तेथे गावकरी स्वतःवर गुदरलेली कहाणी शहरी प्रेक्षकांपुढे येऊन स्वतःच करून दाखवतात. प्रेक्षक येथे रसिक राहत नाही, त्याला साक्षीदाराच्या जागी बसविले जाते. ‘आरण्यक’मध्ये युद्धानंतर वनात निघालेले धृतराष्ट्र, गांधारी, कुंती आणि विदुर यांच्या तोंडची भाषा लयबद्ध होते, कारण तेथे सांगणे हे स्वतःशीच आणि काळाशी आहे. तीन नाटके, तीन श्रोते आणि त्यानुसार तीन भाषा. शैलीतील हा पालट लेखकाच्या चंचलतेचा नसून श्रोत्याच्या जाणिवेचा परिणाम आहे.

दूरचित्रवाणीचा श्रोता कोण? तो अंधाऱ्या सभागृहात, तिकीट काढून, एकाग्र होऊन बसलेला नसतो. तो घरात आहे, दिवा चालू आहे, जेवणाची पाने वाढली जात आहेत, शेजारी कुटुंबातील तीन पिढ्या आहेत. त्याला उठून जाण्याची मुभा आहे. अशा श्रोत्याला धरून ठेवण्यासाठी आरंभीच उत्सुकता, अल्प पात्रे, बंदिस्त स्थळ आणि वाक्यावाक्याला पुढे सरकणारा संवाद ही साधने लागतात. ही साधने गूढकथेचीही आहेत. मतकरींची गूढकथा लहान पडद्याला मानवली याचे कारण भयाच्या लोकप्रियतेपेक्षा या रचनासाम्यात शोधावे लागते. त्यांच्या कथेतील भय बहुधा दूरच्या वाड्यात वा स्मशानात नसते. ते मध्यमवर्गीय सदनिकेत, कार्यालयात, ओळखीच्या नातेसंबंधात दबा धरून असते. ज्या प्रकारच्या खोलीत गोष्ट घडते, त्याच प्रकारच्या खोलीत बसून ती पाहिली जाते. हा योग नाट्यगृहाला साधणारा नाही.

४. गूढकथेचे माध्यमांतर : ‘वाटले’ या क्रियापदाचा प्रश्न

‘गहिरे पाणी’ या मालिकेने मतकरींची गूढकथा पडद्यावर आणली. ‘अश्वमेध’, ‘बेरीज वजाबाकी’ या मालिकांचे लेखनही त्यांच्या नावावर आहे. यांपैकी गूढकथेचे माध्यमांतर अभ्यासकाला अधिक उद्बोधक आहे, कारण त्यात कथारूपाचा सर्वांत नाजूक भाग पणाला लागतो.

एक साधे वाक्य घेऊ : ‘खोलीत आपल्याखेरीज कोणीतरी आहे, असे त्याला वाटले.’ छापील कथेत हे वाक्य दोन शक्यता एकाच वेळी जिवंत ठेवते. कोणी असेल, किंवा त्याचे मन त्याला फसवीत असेल. गूढकथेचा सारा डोलारा ‘वाटले’ या एका क्रियापदावर उभा असतो. कॅमेऱ्याच्या व्याकरणात या क्रियापदाला सरळ प्रतिशब्द नाही. कॅमेऱ्याने दाखवले तर ते ‘आहे’, न दाखवले तर ‘नाही’. संदिग्धता हा शब्दाचा सहजधर्म आहे, चित्राला ती प्रयत्नाने मिळवावी लागते.

पटकथाकारापुढे येथे तीन मार्ग असतात. पहिला, निवेदकाचा : पडद्यावरील चित्राला एका आवाजाची जोड देऊन ते कोणाच्या तरी ‘सांगण्या’तले आहे, हे प्रेक्षकाला आठवत ठेवणे. दुसरा, साक्षीदार पात्राचा : जे भासते ते एकालाच दिसते, शेजारच्याला नाही, अशी योजना करून शंका दोन पात्रांच्या संवादात वाटून देणे. तिसरा, ध्वनीचा : चौकटीबाहेरील पावले, दार, हुंदका यांतून वस्तू न दाखवता तिचे अस्तित्व सुचविणे. पहिला मार्ग कथाकथनाचा, दुसरा रंगभूमीचा आणि तिसरा आकाशवाणीचा आहे. मतकरी उत्तम कथाकथनकार होते. ‘अद्भुताच्या राज्यात’ या त्यांच्या एकपात्री कार्यक्रमाने ते दाखवून दिले होते. रंगभूमी त्यांच्या हाताखालची होती आणि आरंभ तर श्राव्य माध्यमातच झालेला. बहुमाध्यमी असणे म्हणजे काय, याचे उत्तर येथे मिळते. एका माध्यमाची उणीव दुसऱ्या माध्यमातून आणलेल्या साधनाने भरून काढता येणे, हे ते उत्तर होय. असा लेखक माध्यम बदलताना मागचे सोडून येत नाही, ते शिदोरीसारखे बरोबर आणतो.

चाळीसगावच्या वाचकाला या संदर्भात केकी मूस यांच्या टेबल-टॉप छायाचित्रणाची आठवण व्हावी. मेजावर मांडलेल्या किरकोळ वस्तू, प्रकाशाची योजना आणि चौकटीची निवड एवढ्यातून ते विस्तीर्ण निसर्गदृश्याचा भास उभा करीत. चौकटीबाहेर मेजाची कडा आहे, हे पाहणाऱ्याला कळता कामा नये, हे त्या कलेचे मर्म. लहान पडद्यावरील गूढनाट्याचेही मर्म तेच. चौकटीत काय घ्यायचे यापेक्षा चौकटीबाहेर काय ठेवायचे, हा निर्णय तेथे अधिक महत्त्वाचा ठरतो.

५. शेवटाचे सामर्थ्य आणि मर्यादा

मतकरींच्या कथारचनेत शेवटाला केंद्रस्थान आहे. कथेचा आरंभ, मध्य, तपशिलांची पेरणी हे सारे शेवटच्या परिच्छेदाकडे पाहत असते. ‘इन्व्हेस्टमेंट’ या त्यांच्या कथेवर त्यांनीच लिहिलेला व दिग्दर्शित केलेला चित्रपट हे या रचनेचे दृश्यमाध्यमातील उदाहरण म्हणून पाहता येईल. साठाव्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत तो सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपट ठरला. त्यात एका महत्त्वाकांक्षी नागर दांपत्याचा शाळकरी मुलगा वर्गातील मुलीच्या हत्येला कारण होतो आणि आईवडील आपल्या ‘गुंतवणुकी’चे रक्षण करायला सरसावतात. येथे भूत नाही, अतिमानुष काही नाही. तरीही रचना गूढकथेचीच आहे. ओळखीच्या घरात काहीतरी भयंकर वाढत आहे आणि घरातली माणसे ते पाहायला नकार देत आहेत. गूढकथेतील ‘दिसत नाही’ येथे सामाजिक टीकेतील ‘पाहायचे नाही’ झाले. मतकरींच्या लेखनातील रंजन आणि सामाजिक भान यांना दोन स्वतंत्र कप्प्यांत टाकणाऱ्या समीक्षेला या चित्रपटाकडे पुन्हा पाहावे लागेल.

या रचनेच्या मर्यादाही नमूद केल्या पाहिजेत. शेवटावर भिस्त ठेवणारी कथा दुसऱ्या वाचनात पातळ होण्याचा धोका पत्करते. मोठ्या संख्येने लेखन केल्यावर धक्कातंत्राची सवय वाचकालाच होते आणि तो धक्क्याची वाट पाहू लागतो. मतकरींच्या सर्वच गूढकथा या धोक्यातून सुटल्या आहेत असे म्हणता येणार नाही. तसेच श्रोत्याचे तीव्र भान असलेला लेखक कधी कधी श्रोत्यावर पुरेसा विश्वास टाकत नाही. जे प्रसंगातून पोचले आहे ते एखाद्या विवेकी पात्राच्या तोंडून पुन्हा सांगितले जाते. ‘इन्व्हेस्टमेंट’मधील आजीच्या व्यक्तिरेखेत हा दोष पूर्णतः टळलेला नाही. तथापि विपुल लिहिले म्हणून उथळ लिहिले, हा जो सोयीस्कर निष्कर्ष काढला जातो तो टिकणारा नाही. विपुलतेचा दोष प्रत्येक कृतीपुरता दाखवून द्यावा लागतो. तो लेखकाच्या माथी सरसकट मारता येत नाही.

६. साप्ताहिक भाग आणि दैनंदिन मालिका

१९९९ मध्ये ‘अल्फा मराठी’ आणि त्यानंतरच्या वर्षी ‘ई टीव्ही मराठी’ या वाहिन्या सुरू झाल्या आणि मराठी दूरचित्रवाणीचा लेखनव्यवहार मुळापासून बदलला. आठवड्यातून एकदा येणारा, मोजक्या भागांत संपणारा कार्यक्रम मागे पडून दररोज चालणारी मालिका हा मुख्य प्रकार झाला. या बदलाचे वाङ्मयीन स्वरूप अद्याप नीट मांडले गेलेले नाही.

साप्ताहिक, स्वयंपूर्ण भागाची रचना कथेची वा एकांकिकेची आहे. तिला शेवट माहीत असतो. दैनंदिन मालिकेला शेवट परवडत नाही. तिचे अर्थकारण शेवट पुढे ढकलण्यावर उभे असते. तेथे उत्कंठा रोज निर्माण होते, पण तिचे समाधान होत नाही. लेखनही एका हाताचे राहत नाही. कथा एकाची, पटकथा दुसऱ्याची, संवाद तिसऱ्याचे, अशी कामाची वाटणी होते. ही व्यवस्था हीन आहे असे म्हणण्याचे कारण नाही. तिचे कौशल्य वेगळे आहे आणि त्या कौशल्यावर आज अनेक तरुण लेखकांची उपजीविका चालते. पण शेवटापासून मागे विचार करीत येणाऱ्या मतकरींसारख्या लेखकाची प्रतिभा पहिल्या व्यवस्थेशी अधिक सुसंगत होती, हे मान्य करावे लागेल. त्यांच्या दूरचित्रवाणी-लेखनाचे मोल ठरविताना या दोन व्यवस्थांतील भेद दृष्टीआड झाला, तर तुलना अन्यायाची होते.

मतकरी स्वतः उत्तरायुष्यात प्रेक्षकसंख्येच्या मागे न जाता उलट दिशेने गेले, हेही येथे नोंदवले पाहिजे. ठाण्यात २०१४ मध्ये सुरू झालेल्या ‘वंचितांचा रंगमंच’ या उपक्रमात त्यांनी झोपडवस्तीतील मुलांना त्यांच्याच अनुभवांवर नाटिका रचायला प्रवृत्त केले. ‘लोककथा ’७८’मध्ये पात्रांच्या तोंडून जे सांगवले होते ते येथे प्रत्यक्षात आले. ज्याची गोष्ट, तोच सांगणारा झाला.

७. संहितेच्या जतनाचा प्रश्न

दूरचित्रवाणी-संहितेच्या अभ्यासातील खरी अडचण सैद्धान्तिक नसून साधनांची आहे. नाटक छापले जाते, कथा संग्रहित होते; दूरचित्रवाणीची संहिता चित्रीकरण संपताच निरुपयोगी कागद ठरते. दूरदर्शनच्या प्रारंभीच्या दशकांत तर ध्वनिचित्रफिती महाग असल्यामुळे त्या पुसून पुन्हा वापरल्या जात. म्हणजे संहिताही नाही आणि प्रयोगही नाही, अशी अवस्था झाली. आपल्या प्राचीन वाङ्मयातील हस्तलिखितांच्या शोधासाठी आपण जी आस्था बाळगली, तिचा अंशही या चाळीस-पन्नास वर्षांपूर्वीच्या मराठी गद्याला लाभलेला नाही.

विद्यापीठीय अभ्यासक्रमांत गेल्या काही दशकांत ‘प्रसारमाध्यमांसाठी लेखन’ हा घटक आला, ही स्वागतार्ह गोष्ट आहे. परंतु तेथे शिकवली जाते ती बहुधा संहितेची मांडणी : डावीकडे दृश्य, उजवीकडे ध्वनी. विद्यार्थी आराखडा शिकतो, वाचायला मात्र त्याच्या हाती एकही चांगली संहिता पडत नाही. कविता न वाचता छंद शिकवण्यासारखे हे आहे. जळगाव येथील आपल्या विद्यापीठाच्या परिसरात या दिशेने तीन कामे हाती घेता येतील. पहिले, मतकरींच्या छापील गूढकथा आणि उपलब्ध चित्रित भाग समोरासमोर ठेवून प्रसंगानुसार तौलनिक वाचन. दुसरे, आपल्या जिल्ह्यांतून माध्यमक्षेत्रात गेलेल्या लेखक-कलावंतांकडील हस्तलिखित व टंकलिखित संहितांचे संकलन. तिसरे, आणि कदाचित सर्वांत तातडीचे, सत्तर-ऐंशीच्या दशकांतील प्रेक्षकांच्या आठवणींची नोंद. अहिराणी बोलणाऱ्या घरात मुंबईची प्रमाण मराठी संवादरूपाने आली तेव्हा त्या घराने तिचे काय केले, हे सांगणारी माणसे आज साठी-सत्तरीत आहेत.

८. निष्कर्ष

(१) मतकरींची बहुविधता आशयाच्या नव्हे, तर निवेदनस्थितीच्या सूत्राने बांधलेली आहे. प्रत्येक माध्यमात श्रोता कोण आणि तो कोठे बसला आहे, या जाणिवेतून त्यांची भाषा व रचना ठरते.

(२) गूढकथा आणि लहान पडदा यांच्यात रचनासाम्य असले, तरी शब्दाची संदिग्धता चित्रात आणणे ही माध्यमांतराची कसोटी आहे. त्यासाठी लागणारी साधने मतकरींनी कथाकथन, रंगभूमी आणि आकाशवाणी यांतून आधीच कमावली होती.

(३) शेवटाला केंद्रस्थान देणारी त्यांची रचना स्वयंपूर्ण भागाच्या प्रकाराला अनुकूल, तर दैनंदिन मालिकेला प्रतिकूल होती. त्यांच्या या लेखनाचे मूल्यमापन त्या प्रकाराच्या मर्यादेतच झाले पाहिजे.

(४) दूरचित्रवाणी-संहिता ही नाट्यवाङ्मयाची शाखा मानून तिचे संकलन झाल्याखेरीज विसाव्या शतकाच्या उत्तरार्धातील मराठी नाट्याचा इतिहास महानगरापुरता राहील. खानदेशासारख्या प्रदेशातील प्रेक्षक त्या इतिहासात येईल तो याच वाटेने. ही वाट मोकळी करण्याचे काम मुंबईतील अभ्यासकांवर सोडून चालणार नाही, कारण जो प्रेक्षक शोधायचा आहे तो आपल्याच गावांत आहे.